गणिताने सिद्ध झालेली सुरक्षितता: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

अभियांत्रिकीचे विद्यार्थी, पतसंस्थांची सॉफ्टवेअर लिहिणारी मुलं आणि डिजिटल स्वाक्षरीचं टोकन रोज वापरणारे सीए मला जे प्रश्न पुन्हा पुन्हा विचारतात, ते इथे एकत्र केले आहेत. विषय कूटलेखनाचा: किल्लीशिवाय वाचता येणार नाही असं रूप संदेशाला द्यायचं, आणि ते सुरक्षित आहे हे गणिताने सिद्ध करायचं. प्रत्येक उत्तर सुटं वाचता येईल. जिथे एका उत्तराचा धागा दुसऱ्यात जातो तिथे क्रमांक दिला आहे. मात्र पहिले सहा प्रश्न वाचल्याशिवाय शेवटच्या प्रश्नांना हात घालू नका, एवढी विनंती.

१. ‘सिद्धपणे सुरक्षित’ म्हणजे कुणालाही कधीच तोडता येणार नाही असं का?

नाही. एक अपवाद सोडला (प्रश्न २) तर असं वचन कुणीच देत नाही. सिद्धता म्हणते ते असं: ‘अमुक गणिती कोडं कुणाला सुटत नाही असं धरलं, तर तमुक व्याख्येप्रमाणे ही पद्धत तोडता येणार नाही.’ या वाक्यात एक ‘जर’ आहे, एक ‘तर’ आहे आणि मध्ये एक व्याख्या आहे. बहुतेक गैरसमज फक्त ‘तर’ वाचल्यामुळे होतात.

मग उपयोग काय? फार मोठा. सिद्धता नसेल तर प्रत्येक नवी पद्धत वेगळी तपासावी लागते आणि ‘अजून कुणाला तोडता आलेली नाही’ एवढाच आधार उरतो. सिद्धता असली की शेकडो पद्धतींवरचा संशय दोन-चार गृहीतकांवर येऊन थांबतो. मग जगभरचे गणिती त्या दोन-चारांवरच वर्षानुवर्षं डोकं झिजवतात. मोठ्या संख्येचे अवयव पाडणं हे त्यांतलं सगळ्यांच्या परिचयाचं कोडं.

२. कुठलंही गृहीतक न धरता, बिनशर्त सुरक्षित असं काहीच नाही का?

आहे: वन-टाइम पॅड. फ्रँक मिलर या कॅलिफोर्नियातल्या बँकरने १८८२ मध्ये तारेच्या संदेशांसाठी ही कल्पना मांडली. पहिल्या महायुद्धाच्या काळात गिल्बर्ट व्हर्नमने टेलिप्रिंटरसाठी तसं यंत्र केलं. आणि ही पद्धत खरोखर अभेद्य आहे याची क्लॉड शॅननची सिद्धता १९४९ मध्ये प्रसिद्ध झाली.

कागद-पेन्सिल घेऊन करून बघा. पाठवायचा आकडा ४७२. किल्ली म्हणून तीन अंक चिठ्ठ्या टाकून काढले: ८५९. आता हातचा न धरता बेरीज करा. चार आणि आठ बारा, लिहा २. सात आणि पाच बारा, लिहा २. दोन आणि नऊ अकरा, लिहा १. पाठवला २२१. ज्याच्याकडे किल्ली आहे तो उलट वजाबाकी करून ४७२ मिळवतो.

मधल्या माणसाच्या हाती २२१ पडला. त्याच्याकडे जगातले सगळे संगणक असले तरी काय करणार? किल्ली ८५९ असेल तर संदेश ४७२. किल्ली १३६ असेल तर संदेश १९५. किल्ली ०४३ असेल तर २८८. शून्यापासून ९९९ पर्यंतच्या प्रत्येक संदेशासाठी बरोबर एक किल्ली आहे आणि सगळ्या किल्ल्या सारख्याच शक्यतेच्या आहेत. २२१ पाहण्याआधी त्याला जेवढं माहीत होतं तेवढंच पाहिल्यानंतरही माहीत असतं. इथे वेग किंवा यंत्राची ताकद यांचा प्रश्नच येत नाही, कारण शोधण्यासारखं काही उरलेलंच नाही.

३. मग सगळे वन-टाइम पॅडच का वापरत नाहीत?

कारण किल्ली संदेशाएवढी लांब लागते, ती खरोखर रँडम असावी लागते आणि एकदाच वापरायची असते. एक जीबीचा व्हिडिओ पाठवायचा तर आधी एक जीबीची किल्ली गुपचूप पोचवायला हवी. ती पोचवायची सोय असेल तर व्हिडिओच तिकडून पाठवता येईल. ही अडचण हुशारीने टाळता येईल असंही नाही. परिपूर्ण गुप्तता हवी असेल तर किल्ल्यांची संख्या संदेशांच्या संख्येपेक्षा कमी असून चालत नाही, हेही शॅननने सिद्ध केलं आहे.

आणि ‘एकदाच’ हा शब्द हलका घेऊ नका. वरच्याच ८५९ या किल्लीने दुसरा आकडा, ५१८, पाठवला तर ३६७ निघेल. आता ३६७ मधून २२१ हातचा न धरता वजा करा: १४६. मूळ आकड्यांची, ५१८ आणि ४७२ यांची, वजाबाकीही तीच येते. किल्ली मधून गळून पडली आणि दोन संदेशांमधलं नातं उघडं झालं. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात सोव्हिएत संघात पॅडची काही पानं दोनदा छापली गेली. अमेरिकन कूटभेदकांनी १९४३ मध्ये सुरू केलेलं ‘वेनोना’ हे काम १९८० पर्यंत चाललं आणि त्या दुबार पानांच्या आधारे बरेच संदेश अंशतः वाचले गेले. शॅननच्या सिद्धतेत काहीच चूक नव्हती. तिची अट मोडली होती.

४. अल्गोरिदमच गुप्त ठेवला तर जास्त सुरक्षित नाही का?

लहानपणी आपण च ची भाषा बोलायचो. पहिलं अक्षर शेवटी न्यायचं आणि त्याच्या जागी च लावायचा: ‘काय’ चं ‘चायक’. मोठ्यांना कळत नाही तोवर मजा असते, पण एका भावंडाने आईला नियम सांगितला की सगळं संपतं. नियम बदलणं अवघड आणि किल्ली तर नाहीच. ऑगस्त केर्कहॉफ्सने १८८३ मध्ये हेच तत्त्व मांडलं: पद्धत शत्रूच्या हाती पडली तरी चालायला हवं, गुपित फक्त किल्लीत असावं. किल्ली एका मिनिटात बदलता येते. लाखो फोनमध्ये बसलेला अल्गोरिदम बदलायला वर्षं लागतात.

सिद्धतेच्या दृष्टीनेही हे अपरिहार्य आहे. जी पद्धत उघड मांडलेली नाही तिच्याबद्दल सिद्ध काय करणार आणि ते तपासणार कोण?

५. ‘सुरक्षित’ या शब्दाची गणिती व्याख्या कशी करतात?

या विषयातला माझा सर्वांत लाडका भाग. शफी गोल्डवासर आणि सिल्व्हिओ मिकाली यांनी १९८२ मध्ये ती केली, तेव्हा दोघंही नुकतीच शिक्षणातून बाहेर पडत होती. २०१२ चा ट्युरिंग पुरस्कार त्यांना मिळाला.

व्याख्या एका खेळाच्या रूपात मांडतात. तुम्ही हल्लेखोर. सारख्या लांबीचे कुठलेही दोन संदेश तुम्हीच निवडून मला द्या. मी नाणं उडवतो, त्यांतल्या एकाचं कूटलेखन करून तुमच्यापुढे ठेवतो. कुठला ते ओळखा. डोळे मिटून उत्तर दिलंत तरी निम्म्या वेळा बरोबर येईल. तुमच्या सगळ्या संगणकशक्तीनिशी तुम्ही त्या निम्म्यापेक्षा जाणवेल एवढं पुढे जाऊ शकत नसाल, तर पद्धत सुरक्षित.

वाचायला सोपी वाटते, पण ती फार कडक आहे. एकच संदेश दोनदा कूटबद्ध केल्यावर तेच उत्तर येत असेल तर तुम्ही खेळ लगेच जिंकता: सार्वजनिक किल्लीने (कूटबद्ध करण्यासाठी सर्वांना उघड दिलेल्या किल्लीने) दोन्ही संदेश स्वतःच कूटबद्ध करा आणि जुळवून बघा. म्हणजे पाठ्यपुस्तकात शिकवतात ते कोरं आरएसए (मोठ्या मूळ संख्यांच्या गुणाकारावर बांधलेली सार्वजनिक किल्लीची पद्धत) या व्याख्येत बसतच नाही. प्रत्येक वेळी ताजी रँडम भर हवी.

हे पुस्तकी नाही. मी एकदा आरोग्य नोंदींचं एक सॉफ्टवेअर तपासत होतो. रक्तगटाचा रकाना ‘कूटबद्ध’ होता, पण रँडम भर न घालता. हजारो ओळींत फक्त आठ वेगळ्या अक्षरमाळा होत्या. आपल्याकडे ओ पॉझिटिव्ह आणि बी पॉझिटिव्ह सर्वांत जास्त आढळतात, त्यामुळे सर्वाधिक वेळा आलेल्या दोन माळा कुणाच्या हे किल्लीशिवाय कळलं. बाकीच्यांतले बरेचसे मोजदादीवरून लागले. लिहिणाऱ्याने वापरलेला अल्गोरिदम उत्तम होता, कमी होती ती व्याख्येची समज.

व्याख्येबाहेर काय राहतं तेही पाहा. बैलबाजारात दलाल रुमालाखाली बोटं धरून भाव ठरवतात. बाजूला उभ्या असलेल्या माणसाला आकडा कळत नाही. पण सौदा कुणात चालला आहे, किती वेळ चालला आणि शेवटी मान हलली की नाही हे सगळं दिसतं. कूटलेखनाचंही तसंच. संदेशाची लांबी, वेळ, कुणी कुणाला पाठवला, हे ही व्याख्या झाकत नाही.

६. सिद्धता प्रत्यक्षात करतात कशी? ‘रिडक्शन’ म्हणजे काय?

तत्त्व असं: ‘ही पद्धत तोडणारं यंत्र कुणी आणून दिलं, तर ते वापरून मी अवघड समजलं जाणारं कोडं सोडवून दाखवतो.’ कोडं सुटत नाही असं आपण धरलं आहे, म्हणजे तसं यंत्र असू शकत नाही.

मायकेल राबिनची १९७९ ची पद्धत यासाठी सर्वांत स्वच्छ. तिच्यात कूटलेखन म्हणजे संदेशाचा वर्ग करून, दोन मोठ्या मूळ संख्यांच्या गुणाकाराने भागून उरलेली बाकी. छोट्या आकड्यांत पाहू. गुणाकार ७७. समजा, बाकीवरून वर्गमूळ काढून देणारं यंत्र कुणाकडे तरी आहे. मी मनात २ धरतो, वर्ग ४, आणि यंत्राला फक्त ४ देतो. ७७ च्या हिशेबात ४ ची वर्गमुळं चार आहेत: २, ९, ६८ आणि ७५. (९ चा वर्ग ८१, ७७ ने भागून बाकी ४.) मी कुठलं धरलं होतं हे यंत्राला कळायला मार्ग नाही. त्याने ९ दिलं तर ९ वजा २ बरोबर ७, आणि ७ हा ७७ चा अवयव. ६८ दिलं तर ६८ वजा २ बरोबर ६६, ज्याचा ७७ शी मसावि ११. दुसरा अवयव. २ किंवा ७५ आलं तर वाया गेलं, नवा आकडा धरून पुन्हा विचारायचं. दर वेळी निम्मी संधी, म्हणजे दोन-चार फेऱ्यांत काम होतं.

वर्गमूळ काढता येतं तो अवयव पाडू शकतो, हे सिद्ध झालं. शंभर शंभर अंकी मूळ संख्यांनाही शब्दन् शब्द हेच लागू पडतं.

आता याची काळी बाजू. समजा, समोरचा सर्व्हर तुम्ही दिलेला कुठलाही कूटसंदेश उलगडून देतो. म्हणजे वर्गमूळ काढणारं यंत्र तोच झाला! वरची कृती त्याच्यावर चालवा, त्याची खासगी किल्ली, म्हणजे ते दोन अवयव, तुमच्या हातात येते. एका हल्ल्याविरुद्धची सिद्धता दुसऱ्या हल्ल्याची पाककृती ठरली. ‘कुठल्या हल्ल्याविरुद्ध सुरक्षित?’ हा प्रश्न म्हणूनच सोडता येत नाही (प्रश्न ९).

७. आरएसए तोडणं म्हणजे अवयव पाडणंच ना?

अवयव पाडता आले तर आरएसए तुटतं, हे नक्की. उलट दिशा कुणी सिद्ध केलेली नाही. अवयव न पाडता आरएसए उलगडण्याची एखादी आडवाट असू शकते. १९७८ मध्ये लेख प्रसिद्ध झाल्यापासून ती कुणाला सापडलेली नाही. म्हणून आरएसएवरच्या सिद्धतांमध्ये ‘आरएसए गृहीतक’ असं वेगळं नाव घेतात. राबिनच्या पद्धतीत (प्रश्न ६) ही फट नाही.

८. आयआयटी कानपूरच्या लोकांनी २००२ मध्ये मूळ संख्येचं कोडं सोडवलं. मग आरएसए कसं टिकलं?

मणींद्र अग्रवाल, नीरज कयाल आणि नितीन सक्सेना यांनी दाखवलं ते असं: दिलेली संख्या मूळ आहे की नाही हे खात्रीने आणि कार्यक्षम रीतीने सांगता येतं. फार सुंदर निकाल आहे. पण ‘ही संख्या मूळ नाही’ एवढं कळल्याने तिचे अवयव कळत नाहीत. उलट, आरएसएच्या किल्ल्या बनवायला मूळ संख्या ओळखता येणं गरजेचंच असतं आणि त्यासाठी झटपट चाचण्या आधीपासून होत्या. अवयव पाडण्याचा उघड विक्रम २०२० मध्ये ८२९ बिटांच्या संख्येपर्यंत पोचला. आजच्या किल्ल्या किमान २०४८ बिटांच्या असतात.

९. सीपीए, सीसीए ही काय भानगड आहे? सगळ्यांत कडक व्याख्याच का वापरत नाहीत?

ही हल्ल्यांच्या दोन प्रकारांची नावं. सीपीएमध्ये हल्लेखोर हवे ते संदेश कूटबद्ध करून घेऊ शकतो. सीसीएमध्ये त्याला हवे ते कूटसंदेश उलगडूनही मिळतात, फक्त ज्याच्यावर खेळ चालला आहे तेवढा सोडून.

‘उलगडून कोण देणार?’ असं पूर्वी बरेच जण म्हणत. १९९८ मध्ये डॅनिएल ब्लायखेनबाखरने उत्तर दिलं. पूर्ण संदेश कुणी सांगायची गरजच नव्हती. आरएसएच्या तेव्हाच्या प्रचलित मानकानुसार चालणारे सर्व्हर, उलगडलेल्या संदेशाचा साचा चुकला तर वेगळी त्रुटी दाखवत. ‘साचा बरोबर की चूक’ या एवढ्याशा हो-नाही उत्तरावर, साधारण दहा लाख प्रश्न विचारून, त्याने संदेश उलगडता येतो हे दाखवलं. त्याच वर्षी रोनाल्ड क्रेमर आणि व्हिक्टर शूप यांनी सीसीएविरुद्ध सिद्ध आणि तरीही वापरण्याजोगी पद्धत मांडली. आज नव्या कामासाठी सीसीएपेक्षा कमी काही स्वीकारू नये, असं माझं ठाम मत आहे.

१०. एईएसची सिद्धता कुठे वाचायला मिळेल?

कुठेच नाही, कारण ती नाही. योआन डेमेन आणि व्हिन्सेंट रेमेन यांचा हा कूटलेखनाचा अल्गोरिदम १५ उमेदवारांतून निवडला गेला आणि २००१ मध्ये मानक झाला. त्याच्यावरचा विश्वास इतक्या वर्षांच्या अयशस्वी हल्ल्यांतून आला आहे.

सिद्धता आहे ती त्याच्या वापराच्या पद्धतींची. एईएस एका वेळी फक्त १२८ बिटांचा ठोकळा कूटबद्ध करतो. लांब फाइलसाठी ठोकळे कसे गुंफायचे याच्या सीबीसी, सीटीआर, जीसीएम अशा रीती आहेत. ‘एईएस रँडम अदलाबदलीसारखा दिसतो असं धरलं, तर ही गुंफण सुरक्षित’ असं सिद्ध करतात. ईसीबी या रीतीत प्रत्येक ठोकळा सुटा कूटबद्ध होतो, त्यामुळे सारखे ठोकळे सारखेच दिसतात. रक्तगटाची गोष्ट (प्रश्न ५) अगदी हीच. ‘आम्ही एईएस वापरतो’ एवढं म्हणणाऱ्याला पुढचा प्रश्न नेहमी विचारा: कुठल्या रीतीने?

११. सिद्धतेत आकडे असतात ते कशासाठी? ‘किती डेटापर्यंत’ असं का लिहितात?

कारण सुरक्षितता वापरागणिक झिजते आणि चांगली सिद्धता किती झिजते ते सांगते. ६४ बिटांचे ठोकळे असलेल्या ट्रिपल डीईएससारख्या अल्गोरिदममध्ये एकाच किल्लीने २ चा ३२ वा घात एवढे ठोकळे गेले की दोन ठोकळे योगायोगाने सारखे निघण्याची शक्यता मोठी होते. एका वर्गात दोघांचा वाढदिवस एकाच दिवशी निघतो, तसंच. २ चा ३२ वा घात गुणिले ८ बाइट म्हणजे ३२ जीबी. हा आकडा सिद्धतांमध्ये आधीपासूनच लिहिलेला होता. तरी २०१६ मध्ये ‘स्वीट ३२’ हल्ला प्रत्यक्ष दाखवेपर्यंत अनेकांनी त्याच्याकडे पाहिलं नव्हतं. १२८ बिटांच्या ठोकळ्यांत हीच मर्यादा इतकी दूर जाते की रोजच्या वापरात तिथवर कुणी पोचत नाही.

१२. सिद्धताच चुकीची निघाली असं कधी झालं आहे का?

झालं आहे. दोन उदाहरणं मी विद्यार्थ्यांना न चुकता सांगतो.

पहिलं ओएईपी, आरएसएमध्ये रँडम भर घालण्याची रीत, मिहिर बेलारे आणि फिलिप रॉगवे यांची, १९९४ ची. सीसीएविरुद्ध सुरक्षित म्हणून ती मानकांत गेली. २००१ मध्ये शूपने दाखवलं की मूळ युक्तिवाद सर्वसाधारणपणे पुरा होत नाही. त्याच वर्षी इतरांनी आरएसएपुरती वेगळी सिद्धता दिली आणि पद्धत वाचली. घर उभं होतं, पण पायाचा नकाशा पुन्हा काढावा लागला.

दुसरं ओसीबी-२, ठोकळे गुंफून संदेशाची गुप्तता आणि खरेपणा दोन्ही राखणारी रीत. २००४ मध्ये सिद्धतेसह प्रसिद्ध झाली, २००९ मध्ये आयएसओ मानकात आली. २०१८ मध्ये आकिको इनोउए आणि काझुहिको मिनेमात्सु यांना सिद्धतेत एक फट दिसली. तिच्यातून त्यांनी खोटा संदेश खरा म्हणून खपवून दाखवला, तोही एकच कूटसंदेश मिळवून. पाठोपाठ इतरांनी गुप्तताही मोडली. पद्धत मानकातून काढली गेली. चौदा वर्षं ती चूक छापील पानावर सर्वांसमोर होती. ओसीबी-१ आणि ओसीबी-३ या भावंडांत ती नाही.

या घटनेनंतर सिद्धतांवरचा विश्वास उडाल्याचं काही जण मला सांगतात. माझं मत वेगळं आहे. सिद्धता लिहिलेली होती म्हणून चूक कुठे आहे हे बोट ठेवून दाखवता आलं. आता महत्त्वाच्या सिद्धता ईझीक्रिप्टसारख्या साधनांनी संगणकाकडूनही ओळीओळीने तपासून घेतात.

१३. सिद्धता बरोबर आणि गृहीतकही शाबूत, तरी यंत्रणा फुटते. ते कसं?

सिद्धता कागदावरच्या पद्धतीची असते. कागदावर किल्ली वापरायला लागणारा वेळ, वीज, त्रुटीचा मजकूर यांतलं काही नसतं. प्रत्यक्ष यंत्रात हे सगळं असतं आणि त्यातून माहिती गळते. २००१ मध्ये जेम्स मँगरने दाखवलं की ओएईपी वापरूनही, उलगडताना कुठल्या पायरीवर त्रुटी आली हे बाहेर कळलं तर ब्लायखेनबाखरसारखाच हल्ला करता येतो.

दुसरं नेहमीचं कारण म्हणजे ‘नॉन्स’ची पुनरावृत्ती. जीसीएममध्ये प्रत्येक संदेशाला नवा नॉन्स, म्हणजे एकदाच वापरायचा आकडा, द्यायचा असतो. तोच दुसऱ्यांदा वापरला तर वन-टाइम पॅडची पानं दोनदा वापरल्यासारखं होतं (प्रश्न ३) आणि संदेश वाटेत बदललेला नाही यावर शिक्कामोर्तब करणारी आतली किल्लीही उघडी पडू शकते. नॉन्स कोडमध्ये कायमचा शून्य लिहून ठेवलेला मी एकाहून जास्त वेळा पाहिला आहे. चाचणीत सगळं सुरळीत चालतं, म्हणून कुणाच्या लक्षात येत नाही.

१४. ‘रँडम ओरॅकल’वर आधारलेली सिद्धता खरी मानायची का?

या सिद्धतांमध्ये हॅश फंक्शनला (कितीही लांब मजकुराचा ठरावीक लांबीचा ठसा काढणाऱ्या कृतीला) एक आदर्श पेटी मानतात: प्रश्न नवा असेल तर पूर्ण रँडम उत्तर, जुना असेल तर तेच. १९९३ पासून ही रीत रूढ आहे. खरं हॅश फंक्शन तसं नसतं. १९९८ मध्ये कॅनेटी, गोल्डराइख आणि हालेवी यांनी अशी पद्धत घडवून दाखवली जी आदर्श पेटीबरोबर सुरक्षित ठरते आणि कुठल्याही खऱ्या हॅशबरोबर तुटते. पण ती मुद्दाम त्यासाठीच रचलेली होती. म्हणून ही सिद्धता मी भक्कम पुरावा मानतो, पूर्ण हमी मानत नाही. काहीच सिद्धता नसलेल्या पद्धतीपेक्षा ती केव्हाही पुढे.

१५. एनपी-कम्प्लीट कोड्यावर (झटपट सोडवण्याची सर्वसाधारण रीत कुणालाच माहीत नाही अशा कोड्यांपैकी एकावर) पद्धत बांधली तर ती आपोआप सुरक्षित होणार ना?

नाही, आणि या चुकीची किंमत एकदा मोजून झाली आहे. मर्कल आणि हेलमन यांची १९७८ ची पद्धत ‘नॅपसॅक’वर बांधलेली होती: दिलेल्या वजनांतून नेमकी ठरलेली बेरीज जमवायची. कोडं एनपी-कम्प्लीट, पण शमीरने १९८२ मध्ये मूळ पद्धत मोडली. एनपी-कम्प्लीट असणं म्हणजे सर्वांत वाईट उदाहरणं अवघड असणं. किल्ली मात्र रँडम निवडली जाते, आणि मर्कल-हेलमनमध्ये तर ती एका सोप्या नॅपसॅकलाच मुखवटा घालून बनवलेली होती.

म्हणून मिक्लोश ऐताई यांचा १९९६ चा निकाल मोठा ठरला. लॅटिसच्या (जागेत ठरावीक नियमाने मांडलेल्या बिंदूंच्या जाळीच्या) एका कोड्याची रँडम उदाहरणं सोडवणारा माणूस दुसऱ्या एका कोड्याची सर्वांत अवघड उदाहरणंही सोडवू शकतो, असं त्यांनी दाखवलं. ओडेड रेगेव्हने २००५ मध्ये ‘एलडब्ल्यूई’ मांडलं तेही याच वळणाचं: थोडीशी चूक मिसळलेली समीकरणं सोडवायची. शाळेतली एकसामयिक समीकरणंच, फक्त प्रत्येक उत्तरात एखादा आकडा इकडे-तिकडे केलेला.

१६. क्वांटम संगणक आल्यावर या सिद्धतांचं काय होणार?

रिडक्शन तसंच राहील, ‘अवयव पाडणं अवघड’ हे गृहीतक कोसळेल. पीटर शोरने १९९४ मध्ये दाखवलं की पुरेसा मोठा क्वांटम संगणक अवयव झटकन पाडू शकतो. वन-टाइम पॅडवर याचा काही परिणाम नाही.

अमेरिकेच्या एनआयएसटी या मानकं ठरवणाऱ्या संस्थेने १३ ऑगस्ट २०२४ रोजी क्वांटमपुढेही टिकावीत म्हणून नवी तीन मानकं जाहीर केली. किल्लीच्या देवाणघेवाणीसाठीचं एमएल-केम त्यांतलं एक, एलडब्ल्यूईच्या कुटुंबातलं. इथे एक बारकावा आहे. लॅटिसच्या सिद्धता मोठ्या आकारमानासाठी आश्वासक असल्या, तरी प्रत्यक्षातल्या किल्लीची लांबी आज माहीत असलेल्या सर्वोत्तम हल्ल्यांच्या हिशेबाने ठरवलेली असते. ऐताई-ड्वर्क या १९९७ च्या पद्धतीला फार चांगली सिद्धता होती. तरी १९९८ मध्ये ङुयेन आणि स्टर्न यांनी दाखवलं की वापरण्याजोग्या आकारात ती टिकत नाही.

आणि नव्या गृहीतकांबाबत सावध राहा. साइक ही पद्धत २०११ पासूनच्या संशोधनातून आली होती आणि अशा मानकांसाठीच्या एनआयएसटीच्या निवडीत चौथ्या फेरीपर्यंत पोचली होती. जुलै २०२२ च्या अखेरीस वाउटर कास्ट्रिक आणि टोमास डेक्रू यांनी तिचा एक आकार साध्या संगणकाच्या एका कोअरवर तासाभरात मोडला. क्वांटम संगणक लागलाच नाही.

१७. व्हॉट्सॲपचं कूटलेखन सिद्ध आहे म्हणतात. मग गप्पा बाहेर फुटतात कशा?

व्हॉट्सॲप सिग्नल प्रोटोकॉल वापरतं आणि त्याचं गणिती विश्लेषण प्रसिद्ध आहे. वाटेतल्या कुणालाही संदेश वाचता येऊ नये, एवढ्यापुरतं ते. उघडा राहिलेला फोन, दुसऱ्या टोकाच्या माणसाने काढलेला स्क्रीनशॉट, वेगळं कूटलेखन सुरू न केलेला बॅकअप, हे सगळं त्या चौकटीबाहेर आहे.

१८. डिजिटल स्वाक्षरीचा सातबारा ‘सिद्ध’ असतो का? झेरॉक्स चालते का?

हा प्रश्न गावाकडून सर्वांत जास्त येतो. स्वाक्षरीसाठी व्याख्या वेगळी आहे, गोल्डवासर, मिकाली आणि रिव्हेस्ट यांची: हल्लेखोराला हव्या तितक्या कागदपत्रांवर खऱ्या सह्या मिळाल्या, तरी सही नसलेल्या एकाही नव्या कागदपत्रावर त्याला सही बनवता येऊ नये. आरएसएवरच्या स्वाक्षरीची पीकेसीएस-१ ही जुनी रीत जगभर दशकानुदशकं वापरात होती. तिची सिद्धता मात्र २०१८ मध्ये आली, तीही रँडम ओरॅकल मानून (प्रश्न १४).

आता सातबाऱ्याचं. स्वाक्षरी पीडीएफ फाइलच्या बिटांवर असते. छापलेल्या कागदावर ‘डिजिटल स्वाक्षरीत’ असे शब्द उमटतात, पण स्वाक्षरी उमटत नाही. त्यामुळे कागद हाती आला तर त्यावरचा पडताळणी क्रमांक सरकारी संकेतस्थळावर टाकून बघा. शब्द तर कुणीही छापू शकतो.

आणि सिद्धता एवढंच सांगते की ही फाइल किल्ली असणाऱ्यानेच सही केली आणि नंतर तिच्यात बदल झालेला नाही. भोगवटादाराचं नाव बरोबर आहे का, वारस नोंद झाली का, फेरफार प्रलंबित आहे का, यावर ती काही बोलत नाही. चुकीच्या नोंदीवरची सहीसुद्धा गणिताच्या हिशेबाने अस्सलच असते.

१९. विक्रेता ‘मिलिटरी ग्रेड, गणिताने सिद्ध’ म्हणतो. त्याला काय विचारू?

कुठली व्याख्या, कुठलं गृहीतक, किती डेटापर्यंत, आणि सिद्धता कुठे छापली आहे. नॉन्स कोण तयार करतं हेही विचारा. ‘अल्गोरिदम आमचा स्वतःचा, गुप्त आहे’ असं उत्तर आलं तर प्रश्न ४ वाचा आणि दुसरा विक्रेता शोधा.

२०. मी स्वतः एक पद्धत बनवली आहे, सिद्धताही लिहिली आहे. तपासून द्याल का?

आनंदाने, पण पाठवण्याआधी तीन गोष्टी करा. पहिल्या पानावर खेळ लिहा (प्रश्न ५): हल्लेखोराला काय मिळतं, तो जिंकला असं केव्हा म्हणायचं. मग गृहीतक एका वाक्यात लिहा. ते तुमच्या पद्धतीचंच वेगळ्या शब्दांतलं वर्णन असेल तर अजून काहीच सिद्ध झालेलं नाही. ‘किल्ल्या इतक्या आहेत की सगळ्या तपासायला अब्जावधी वर्षं लागतील’ हा युक्तिवाद सिद्धता म्हणून पाठवू नका. साध्या अक्षर-बदलीतही २६ इंग्रजी अक्षरांच्या किल्ल्या २ च्या ८८ व्या घाताएवढ्या होतात, आणि तरी शाळेतली मुलं अक्षरांची वारंवारता मोजून ती सोडवतात.

शेवटी, तुमचं रिडक्शन ७७ सारख्या लहान आकड्यावर हाताने चालवा, प्रश्न ६ मध्ये चालवलं तसं, आणि ते कच्चं काम सोबत जोडा. मला आलेल्या बऱ्याच सिद्धतांमधली चूक ती लिहिणाऱ्यालाच या पायरीवर सापडली.